उलट्या पावलांचा माग

पिस्कॅटवे, न्यू जर्सी
१६ मार्च २०२५

प्रिय बाबा,
जयभीम.

फोनवर आपण दोघंही एकाच वेळी बोलतो, आणि मग प्रफुल्लदादा वैतागून स्पीकर बंद करतो. म्हणून हे पत्र. आयडिया दादाचीच. म्हणाला, "लिहून पाठव. लिहिलेलं वाक्य बाबांना मध्येच तोडता येत नाही." तर आता शेवटपर्यंत वाचा.

माझ्या पेशंटपैकी एका आजींबद्दल मी फोनवर सांगायला लागले होते आणि तुम्ही "भुताच्या गोष्टी? आपल्या मुलांना?" म्हणून ओरडलात, त्या या धनमाया राई. सगळे त्यांना आमा म्हणतात, म्हणजे आई. मूळच्या भूतानच्या. मुलाला इथल्या वेअरहाऊसमध्ये काम मिळालं म्हणून हॅरिसबर्गहून इकडे आल्या. गुडघ्याचं ऑपरेशन झालंय आणि आठवड्यातून दोनदा त्यांच्या घरी जाऊन गुडघा वाकवून घेणं हे माझं काम. त्यांची नेपाळी, माझी नागपुरी हिंदी, मजेत चालतं.

पहिल्या दिवशी गुडघा वाकेना. म्हटलं, आमा, दुखेल, पण वाकवा. तर त्या म्हणाल्या, "वाकवते. नाहीतर लोक मला रोलांग म्हणतील." रोलांग म्हणजे उठून चालू लागलेलं प्रेत. त्याला सगळं जमतं, वाकणं तेवढं जमत नाही. म्हणून तिकडच्या जुन्या घरांची दारं बुटकी ठेवतात. जिवंत माणूस वाकून आत येतो, रोलांग कपाळ आपटून परत जातो. हे सांगता सांगता त्यांनी गुडघा इतका वाकवला की मीच म्हटलं, बस!

तेव्हापासून दर भेटीत एक गोष्ट. तळ्याच्या तळाशी राहणारी, कमरेखाली साप असलेली बाई. ढगात गुरगुरणारा ड्रॅगन. आणि मिगोई, म्हणजे बर्फातला केसाळ राक्षस, ज्याचे पाय उलटे असतात. सांगायला लागल्या की त्यांचा आवाज बदलतो, बाबा. त्यांचा तरुण नातू हेडफोन काढून दाराशी येऊन उभा राहतो.

यंदा आपल्या मंडळाच्या बुद्धपौर्णिमेच्या कार्यक्रमाची थीम भूतान आहे. मंडळाचं काम बघणाऱ्या सत्यजित काकांना मी म्हटलं, आमांना वीस मिनिटं द्या. ते लगेच हो म्हणाले. मुलांचा रविवारचा वर्ग तुम्ही इथे माझ्याकडे राहत असताना सुरू केलात आणि ऐकणार तीच मुलं, म्हणून तुमचाही होकार हवाय.

हो म्हणा ना.

तुमची,
मैत्री

*

सनीव्हेल, कॅलिफोर्निया
२४ मार्च २०२५

चि. मैत्री,
जयभीम.

शेवटपर्यंत वाचलं. उत्तर तेच आहे.

तुझ्या जन्माआधीची गोष्ट सांगतो, भुताचीच आहे. मी वीज मंडळात नवा ज्युनिअर इंजिनिअर होतो. गावाबाहेरच्या चिंचेजवळ आमची डीपी होती. दिवस मावळला की तिथून घूं घूं आवाज यायचा आणि एकही लाइनमन तिकडे फिरकायचा नाही. तीन गावं अंधारात बसायची, पण चिंचेखाली जायचं नाव नाही. शेवटी मीच खांबावर चढलो. भूत नव्हतं, लूज जंपर होता, म्हणजे दोन तारा जोडणारा तुकडा सैल झालेला. आवळला. आवाज बंद. मग त्याच चिंचेखाली बसून डबा खाल्ला, सगळ्यांच्या देखत. पुढची कित्येक वर्षं मी गावोगाव हेच केलं. लिंबू कापून रक्त काढणाऱ्याच्या शेजारी बसून तेच लिंबू कापून दाखवलं. मार खाल्ला, पण दाखवायचं सोडलं नाही.

बाबासाहेबांनी आपल्याला देवाच्या तावडीतून सोडवलं, ते भुताच्या हवाली करायला नव्हे. तो वर्ग मी मुलांना प्रश्न विचारता यावेत म्हणून सुरू केला. त्याच मुलांना तू आता उलट्या पायांचा राक्षस दाखवणार?

"गोष्टच तर आहे" असं तू म्हणशील. गोष्ट निरुपद्रवी असते असं तुला वाटतं, कारण तू वाढलीस ती नागपूरच्या क्वार्टरमध्ये, ट्यूबलाइटखाली.

आणि एक समजलं नाही. आडनाव राई, भाषा नेपाळी. मग या बाई भूतानच्या कशा? नीट चौकशी केलीस का, की गुडघा वाकला म्हणून विश्वास ठेवलास?

प्रफुल्लकडे सगळं ठीक. शेजारचा सॉफ्टवेअरवाला रोज सकाळी नव्या गाडीच्या चाकाखाली लिंबू ठेवतो. मी रोज उचलून आणतो. सरबत चांगलं होतं.

तुझा बाबा

*

पिस्कॅटवे
२ एप्रिल २०२५

प्रिय बाबा,
जयभीम.

लिंबं चोरणं बंद करा, तो माणूस एखाद्या दिवशी पोलिसांना बोलावेल.

चौकशी केली. तुमची मुलगी आहे, विचारल्याशिवाय राहणार नाही हे माहीत असायला हवं होतं तुम्हाला.

आमांचा जन्म दक्षिण भूतानातला. आजोबांच्याही आधीपासून घर तिथेच. संत्र्याची झाडं होती. तिकडच्या दक्षिणेत नेपाळी बोलणारे पुष्कळ. आमा लहान असताना त्यांचे वडील पूर्वेकडे डोंगरात रस्त्याच्या कामावर गेले आणि बायकोपोरांनाही घेऊन गेले. हातोड्याने दगड फोडायचे, त्याचा रस्ता व्हायचा. थंडीत वरच्या कुरणांतले याक राखणारे लोक जनावरं घेऊन खाली उतरायचे आणि मजुरांच्या झोपड्यांजवळ तळ टाकायचे. त्यांच्यातली एक म्हातारी या पोरीला चुलीपाशी बसवून लोण्याचा चहा द्यायची आणि गोष्टी सांगायची. भाषा आधी कळायची नाही. आमा म्हणतात, "मी आधी मिगोईला घाबरायला शिकले, शब्द नंतर शिकले."

पुढे लग्न होऊन त्या दक्षिणेत परत गेल्या. आणि मग नव्वदच्या सुमारास तिथल्या नेपाळी बोलणाऱ्यांना सांगण्यात आलं, तुम्ही इथले नाही. लाखभर माणसांना देश सोडावा लागला, बाबा. मला हे माहीतच नव्हतं. मला भूतान म्हणजे आनंदी लोकांचा देश, एवढंच माहीत. आमा कडेवर एक मूल आणि पाठीला एक मूल बांधून निघाल्या. नेपाळातल्या छावणीत बांबूच्या झोपडीत अठरा वर्षं काढली. त्या झोपड्यांत त्यांनी संध्याकाळी मुलांना जमवून याच गोष्टी सांगितल्या, ज्या देशाने हाकललं त्याच देशाच्या.

मी विचारलं, राग नाही आला? त्या देशाच्या गोष्टी कशाला सांगायच्या?

त्या म्हणाल्या, "राग आला म्हणूनच सांगितल्या. घर घेतलं, संत्र्याची झाडं घेतली, यादीतून नाव कापलं. मिगोई कसा घेणार? तो माझ्या तोंडात आहे."

बाबा, आमचा मुलांचा वर्ग प्रश्न विचारायला शिकतो ना? मग मुलं आमांनाही प्रश्न विचारतील. खरंच असतो का मिगोई, पुरावा काय, विचारू देत की! त्यांना नाही भीती वाटत प्रश्नांची.

पत्रिका छापायला गेली. त्यात नाव आहे : "धनमाया राई, भूतानच्या लोककथा." मी तुमच्या होकाराची अजून वाट बघतेय.

मैत्री

*

सनीव्हेल
१३ एप्रिल २०२५

चि. मैत्री,
जयभीम.

उद्या जयंती. इथल्या मुलांनी केक मागवला आहे, त्यावर निळ्या क्रीमने अशोकचक्र काढायचं आहे. आऱ्या चोवीसच हव्यात, असं मी बेकरीवाल्या मुलीला तीनदा बजावलं.

बाईंची हकीकत वाचली. वाईट झालं त्यांच्याबाबतीत. पण दुःख खरं असलं म्हणून राक्षस खरा होत नाही. दोन गोष्टी वेगळ्या आहेत.

सत्यजितशी परवा फोनवर बोलणं झालं, इकडचं तिकडचं. मंडळाचं काम तो व्यवस्थित बघतोय.

गुडघे दुखतात. तुझ्या सांगण्याप्रमाणे व्यायाम करतो. खरं म्हणजे करत नाही.

तुझा बाबा

*

पिस्कॅटवे
२७ एप्रिल २०२५

बाबा,

इकडचं तिकडचं म्हणजे कुठलं?

काल मंडळाची मीटिंग झाली. नवीन पत्रिका समोर ठेवली. आमांचं नाव नाही. त्यांच्या जागी "भूतान : आनंदाचा देश" असा स्लाइड शो आहे. मी विचारलं, हे काय? सत्यजित काका म्हणाले, "अगं, आपल्या व्यासपीठावर भुतंखेतं बरी दिसत नाहीत. तुझ्या बाबांनीच ऑब्जेक्शन घेतलं. शंकररावांचा शब्द आम्ही कसा मोडायचा?"

सगळ्यांसमोर, बाबा. मी ट्रे धरून उभी होते, सामोसे वाटत.

फोन केलात की नाही? एवढंच सांगा. आणि केलात, तर मला पत्रात का नाही लिहिलंत? केकवरच्या आऱ्या लिहिल्यात.

पण अजून ऐका. मी काकांच्या मागे पार्किंग लॉटमध्ये गेले. म्हटलं, काका, भुतांचाच प्रॉब्लेम असेल तर आमा त्यांची हकीकत सांगतील, त्यात भूत नाही. ते गाडीच्या चाव्या खेळवत राहिले. मग म्हणाले, "मैत्री, तू समजून घे यार. न्यूयॉर्कहून भूतान सरकारचे पाहुणे येतायत. रेफ्युजी वगैरे विषय निघाला की त्यांना ऑकवर्ड होतं. ही बाई म्हणजे त्यांच्या मते खरी भूतानी नव्हेच. कॉन्ट्रोव्हर्सी नको आपल्याला." म्हणजे खरं कारण ते आहे, बाबा. तुमचा फोन त्यांना आयता सापडला. तुमचं तत्त्व त्यांनी पडद्यासारखं पुढे ओढलं आणि मागे लपले.

त्यांनी तडजोडही सुचवली. आमांनी भूतानी पोशाख घालून स्टेजवर बसावं, पाहुण्यांबरोबर हसून फोटो काढावा. बोलू नये.

हे सांगायला मीच गेले आमांकडे. मला वाटलं, रडतील. त्या तांदूळ निवडत होत्या. म्हणाल्या, "देश सोडताना आमच्याकडून कागदावर अंगठा घेतला, की आम्ही राजीखुशीने जातोय. मग फोटो काढला. कॅमेरेवाला म्हणाला, हसा. मूल रडत होतं, तरी मी हसले. एकदा हसले मी फोटोसाठी. आता नाही."

मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, "तू का तोंड पाडून बसलीस? गुडघा वाकव माझा."

मंडळाच्या कार्यक्रमाचं सूत्रसंचालन मी करणार होते, ते सोडलंय. त्याच दिवशी, त्याच वेळी, जॉन्सन पार्कमध्ये नदीकडचा शेड बुक केलाय. आमा तिथे गोष्ट सांगतील. तुम्ही काय वाटेल ते म्हणा.

मैत्री

*

सनीव्हेल
६ मे २०२५

चि. मैत्री,
जयभीम.

हो, फोन मीच केला. तुला कळवलं नाही, कारण तू भांडशील हे माहीत होतं आणि मला ते टाळायचं होतं. बस. यापेक्षा जास्त सफाई देणार नाही.

फोन का केला ते मात्र सांगतो. हे तुझ्या आईला माहीत होतं. प्रफुल्लला नाही.

आपलं गाव वैनगंगेच्या काठी, हे तुला ठाऊक आहे. गावात संध्याकाळी चावडीवर हडळीच्या गोष्टी चालायच्या. हडळ कशी, तर तिचे पाय उलटे. आणि येते कुठून? तर आपल्या मोहल्ल्याकडून. दर गोष्टीत तीच दिशा. आम्ही पोरं लांब उभी राहून ऐकायचो आणि आम्हीही घाबरायचो. आपल्याच घरांकडून येणाऱ्या हडळीला आपणच घाबरायचो, विचार कर.

माझी आत्या होती, जाईबाई. जन्मापासून तिचा डावा पाय आत वळलेला. आज हॉस्पिटलात पट्टे बांधून महिन्या-दोन महिन्यांत सरळ करतात, तसला. ती लंगडत चालायची आणि कामाला कुणाला हार जायची नाही. मी आठ-नऊ वर्षांचा असताना गावात हगवणीची साथ आली. पोरं गेली. विहिरीचं पाणी खराब होतं, पण तसं म्हणायला कोण तयार? चावडीवर राख पसरली आणि जाईबाईला तिच्यावरून चालायला लावलं. राखेत डाव्या पावलाचा ठसा वाकडा उमटला. "बघा, उलटा पाय." एवढा पुरावा पुरला. चेटकिणीचे दात पाडले की तिची विद्या जाते, असं मानायचे. दगडाने तिचे पुढचे दात पाडले. मी भिंतीआडून बघत होतो. तुझ्या आजोबांना चौघांनी धरून ठेवलं होतं.

लोकांना वाटलं, आता ही गाव सोडेल. नाही सोडलं. दुसऱ्या दिवशी ती तालुक्याच्या पोलीस ठाण्यात चालत गेली, त्याच पायाने. जमादार तक्रार लिहून घेईना. ती दारात बसून राहिली. तिसऱ्या दिवशी त्याने लिहून घेतली, ती बसल्यामुळे त्याला लाज वाटली म्हणून नव्हे, तर बघायला गर्दी जमू लागली म्हणून. दोघांना शिक्षा झाली. जाईबाई म्हातारी होऊन त्याच गावात, त्याच घरात मेली. तोंड भरून हसायची, मुद्दाम. दात नसलेली जागा सगळ्यांना दिसली पाहिजे अशी हसायची.

म्हणून उलट्या पायाची गोष्ट मला ऐकवत नाही. ती कुणाच्या पायावर जाऊन बसेल याचा नेम नसतो. चिंचेखाली डबा खाल्ला तो मी विज्ञानासाठी खाल्ला, असं लोक म्हणतात. मी तो जाईबाईसाठी खाल्ला.

आता सत्यजितबद्दल. तुझं पत्र वाचून त्याला फोन लावला. म्हटलं, माझा विरोध राक्षसाला होता, बाईला नव्हता. तू माझ्या नावाची झूल पांघरून पाहुण्यांना घाबरलास. ज्या माणसाला "तू इथला नाहीस" म्हणून हाकललं, त्याला आपल्याच लोकांनी दारातून परत पाठवायचं? आपण? म्हणाला, "शंकरराव, आता पत्रिका वाटून झाल्या." म्हटलं, मग माझं नाव सल्लागारांतून काढ आणि तसं जाहीर कर. नाहीतर मी करतो.

तू बागेत कार्यक्रम कर. मिगोई नाही, हे मी मरेपर्यंत म्हणणार. पण बाई आहे. तिला बोलू दिलं पाहिजे.

जाईबाईची हकीकत आमांना सांगायची तर सांग. त्यांना एक विचार : त्यांच्या गोष्टीत त्या उलट्या पायाच्याला लोक काय करतात?

तुझा बाबा

*

पिस्कॅटवे
१९ मे २०२५

प्रिय बाबा,
जयभीम.

तुमचं पत्र मी गाडीत बसून वाचलं. जाईबाईंबद्दल मला काहीच माहीत नव्हतं. आईने एकदा म्हटलं होतं, "तुझ्या बाबांना राखेवर पाय पडलेला चालत नाही." मला वाटलं, स्वच्छतेची सवय.

आमांना सांगितलं. संपल्यावर म्हणाल्या, "नाव काय तिचं?" मी म्हटलं, जाईबाई. त्यांनी दोनदा म्हणून बघितलं. मग तुमचा प्रश्न विचारला. त्या म्हणाल्या, "उत्तर रविवारी देते. सगळ्यांसमोर."

आता कालचं.

सकाळी पाऊस पडून गेला होता, बाकं ओली. मी घरातल्या चादरी नेऊन टाकल्या. सुरुवातीला आम्ही मोजकीच माणसं. आमांच्या घरचे, हॅरिसबर्गहून व्हॅन करून आलेले त्यांचे जुने शेजारी, माझी मैत्रीण अहिल्या आणि तिची दोन मुलं. पलीकडे कुणाचा तरी बार्बेक्यू चालला होता, धूर सगळा आमच्याकडे. वाटलं, फ्लॉप होणार. आमा खुर्चीत ताठ बसल्या आणि म्हणाल्या, "दांग्बो दिंग्बो." म्हणजे फार फार पूर्वी. त्या नेपाळी मिसळलेल्या हिंदीत सांगत होत्या, मी मराठी आणि इंग्लिशमध्ये.

मिगोईची गोष्ट अशी. एका सरदाराला मिगोईचं कातडं हवं होतं. त्याने शिकारी आणि कुत्रे पाठवले. बर्फात पावलं दिसली. पावलांची बोटं जिकडे, तिकडे शिकारी निघाले. खिंड चढले, कडा चढले, कुणाची बोटं थंडीने झडली, कुत्रे परत पळाले. शेवटी ती पावलं एका गुहेत गेली. शिकारी भाले रोखून आत शिरले. गुहा रिकामी. कारण पाय उलटे! बोटांच्या दिशेने गेलं की तो जिथून निघाला तिथे पोचतो आपण. शिकारी त्याच्या घरी पोचले तेव्हा मिगोई त्यांच्या गावात बसून त्यांचं लोणी खात होता.

मुलं खिदळली. अहिल्याच्या धाकट्याने इंग्लिशमध्ये विचारलं, त्याचा फोटो आहे का कुणाकडे? बाबा, तुमचीच आठवण आली. आमा म्हणाल्या, "नाही. मी पण पाहिला नाही. दगड फोडताना मी रोज वर बघायचे, तो येईल आणि मुकादमाला खाईल म्हणून. नाही आला."

तोवर शाळेच्या ऑडिटोरियममधला कार्यक्रम संपला होता आणि तिकडची माणसं एकेक करून येऊ लागली. तुम्ही नाव काढून घेतल्याचं सगळीकडे कळलं होतं. निम्मे कुतूहलाने आले असतील. वर्गातली मुलं तर पळतच आली. सत्यजित काका मागे झाडाशी उभे राहिले. त्यांच्याबरोबर न्यूयॉर्कचे एक पाहुणे होते, कोट घातलेले. त्यांनी अगदी मऊ आवाजात हिंदीत विचारलं, "माताजी, आप नेपाल की हैं न?"

आमांचा मुलगा उठायला लागला. आमांनी हाताने त्याला खाली बसवलं.

म्हणाल्या, "पूर्वेकडे जो रस्ता वर चढतो ना, बेटा, त्यावरून तू गाडीने गेला असशील. त्यातले दगड माझ्या बापाने फोडलेत. छोटे दगड मी फोडलेत. मी कुठली, ते त्या रस्त्याला विचार. कागद बदलतो, रस्ता तिथेच आहे."

ते गृहस्थ गेले नाहीत. चादरीच्या कडेला उभे राहून त्यांनी पुढचं सगळं ऐकलं.

मग आमांनी माझ्याकडे बोट केलं. "आता हिची गोष्ट. ही खरी आहे." मी तयार नव्हते, बाबा. पण उभी राहिले आणि जाईबाईंचं सांगितलं. राख, दगड, पोलीस ठाण्याची पायरी, सगळं. गोष्टीसारखं नाही सांगितलं, घडलं तसं सांगितलं. संपल्यावर आमा म्हणाल्या, "हिच्या बापाने विचारलंय, तुमच्या गोष्टीत उलट्या पायाच्याला लोक काय करतात? ऐका. लोक त्याला मारायलाच निघतात, तिथेही आणि इथेही. फरक एवढाच, की चावडीवरची गोष्ट शिकारी सांगायचे. ही गोष्ट चुलीपाशी बसलेल्या बाईने सांगितली. गोष्ट कोण सांगतंय ते आधी बघा, मग घाबरायचं की नाही ते ठरवा."

टाळ्या वगैरे लगेच वाजल्या नाहीत. आधी वर्गातला अमन उभा राहिला, त्याला वाटलं प्रश्न विचारायचा तास आहे. म्हणाला, "जाईबाईंच्या पायाला ट्रीटमेंट का नाही दिली?" आणि मग एकदम सगळेच बोलायला लागले. मोठे मुलांशी, हॅरिसबर्गचे नागपूरवाल्यांशी. बार्बेक्यूवाल्यांनी कणसं आणून दिली. काका निघताना माझ्याकडे आले, काहीतरी म्हणणार होते. मी थांबले नाही. मी चादरी गोळा करत होते.

आमांचा तुम्हाला निरोप आहे. त्या बोलल्या तसा उतरवते :

"शंकरराव भाई, तुमची मुलगी म्हणते, तुम्ही मिगोई मानत नाही. नका मानू. पण न बघता दोन हजार मैलांवरून फोन करून गोष्ट बंद करता, हे मर्दाचं काम नाही. इथे या. समोर बसा. मी आहे म्हणेन, तुम्ही नाही म्हणा. माझा एक गुडघा नवा आहे, तुमचे दोन्ही जुने; तरी बघू कोण आधी थकतं."

मैत्री

*

सनीव्हेल
२८ मे २०२५

चि. मैत्री,
जयभीम.

तुझं पत्र प्रफुल्ल आणि सूनबाईला मोठ्याने वाचून दाखवलं. जाईबाईचं आधी मला माझ्या तोंडाने सांगावं लागलं. प्रफुल्ल उठला आणि बाल्कनीत जाऊन उभा राहिला. बरं झालं. घरात माहीत हवं होतं.

आमांना सांग, मैल दोन हजार नाहीत, अडीच हजारांच्या वर आहेत. बाकी त्यांचं म्हणणं रास्त आहे. न ऐकता बंद करायला निघालो, हे माझ्या वर्गातल्या मुलाने केलं असतं तर मी त्याला उभं केलं असतं.

तिकीट काढलं आहे, चौदा जूनचं. प्रफुल्ल म्हणतो, एवढ्या लांब एका राक्षसावर वाद घालायला कोण जातं? म्हटलं, राक्षस नाहीच, म्हणून तर जातोय. न्यूअर्कला तूच ये. सत्यजितला पाठवशील तर मी त्याच विमानाने परत येईन.

त्याच्याकडे मी जाणार आहे, पण स्वतःहून, आणि एकटा नाही. पंधराला मंडळाची सभा आहे. आमांना विचार, चालवेल का तेवढं. चालवत असेल तर आम्ही दोघं पहिल्या रांगेत बसू. मी उठून एवढंच म्हणणार, की या बाईंच्या एकाही गोष्टीवर माझा विश्वास नाही आणि पुढच्या वर्षीच्या पत्रिकेत यांचं नाव पहिलं छापा. कुणाला दोन्हीत विसंगती दिसली तर त्याने हात वर करावा, तिथेच उत्तर देईन.

व्यायाम सुरू केला आहे. खरंच केला आहे, सूनबाईला विचार. आमांशी वाद घालायचा तर जमिनीवर बसता आलं पाहिजे.

मिगोई नाही. हे त्यांना आत्ताच कळवून टाक, म्हणजे तयारीला वेळ मिळेल. त्यांनी आहे म्हणत राहावं, मी नाही म्हणत राहीन. गप्प मात्र दोघांपैकी कुणीच बसायचं नाही.

तुझा बाबा